हेक्टर हेलनचा कोण? होमरचे दीर, नणंदा, जावा

होमरच्या इलियड या प्राचीन ग्रीक महाकाव्यातल्या गोष्टी मराठीत लिहू पाहणाऱ्या एका वाचकाचा प्रश्न आहे. इंग्रजी भाषांतरांत हेलन हेक्टरला 'ब्रदर' किंवा 'ब्रदर-इन-लॉ' म्हणते, तिथे मराठीत 'मेहुणा' लिहिलं तर चालेल का? सोबत दुसरा प्रश्न: पाताळाचा देव हेडीज हा त्याची बायको पर्सेफनी हिचा काका की मामा?

मेहुणा नको. मेहुणा म्हणजे बायकोचा भाऊ किंवा बहिणीचा नवरा. हेलन ट्रॉयमध्ये पॅरिसची बायको म्हणून राहते आणि हेक्टर पॅरिसचा थोरला भाऊ, म्हणजे तो तिचा दीर. होमरने वापरलेला शब्दही नेमका तोच आहे. 'दाएर' हा ग्रीक शब्द आणि संस्कृतातला 'देवृ' किंवा 'देवर' ही एकाच मुळाची दोन रूपं आहेत, आणि देवरापासून प्राकृतातून आपला दीर आला. हिंदीत लिहिणाऱ्याला इथे जेठ की देवर हे ठरवावं लागेल. मराठीत थोरला काय, धाकटा काय, दोघंही दीरच. होमरचंही तसंच आहे.

असा हा एकच शब्द नाही. नवऱ्याचा बाप ग्रीकमध्ये 'हेकुरोस', आपल्याकडे श्वशुर आणि त्यावरून सासरा. कानाला दोन्ही लांबचे वाटतात, पण दश आणि 'देका', सप्त आणि 'हेप्ता' या जोड्या शेजारी ठेवून पाहा. आपल्या 'श'च्या जागी तिकडे 'क' येतो आणि सुरुवातीच्या 'स'चा 'ह' होतो. श्वशुरातला पहिला 'श' मुळात 'स'च होता, पुढच्या 'श'च्या ओढीने तो बदलला. जावेला होमर 'एइनातेर' म्हणतो. संस्कृतात ती 'यातृ', आणि आपली जाऊ या यातृपासूनच आली. नणंदेचा 'गालोओस' मात्र वेगळ्या मुळाचा आहे, ननान्दृशी त्याचं नातं नाही. अर्थ मात्र तंतोतंत तोच: नवऱ्याची बहीण.

एवढे शब्द होमरला लागतात, कारण त्याने रंगवलेलं घर भरलेलं आहे. सहाव्या सर्गात ट्रॉयचा राजा, हेक्टरचा बाप प्रायम याच्या वाड्याचं वर्णन येतं. घासून गुळगुळीत केलेल्या दगडाच्या 50 खोल्या मुला-सुनांच्या, आणि अंगणापलीकडे समोर 12 खोल्या लेकी-जावयांच्या. म्हणजे नणंदाही तिथेच आणि जावईही तिथेच. त्याच सर्गात हेक्टर घरी येतो, बायको अँड्रोमकी दिसत नाही, तेव्हा तो दासींना विचारतो, ती नणंदांकडे गेली का, की जावांकडे? इंग्रजीत दोघींनाही 'सिस्टर-इन-लॉ' म्हणावं लागतं आणि तो प्रश्नच विरतो. मराठीत एक शब्दही समजावून सांगावा लागत नाही.

आता हाक मारायचं बघू, कारण भाषांतरात खरी अडचण तिथे येते. हेलन हेक्टरला 'दाएर' अशी थेट हाक मारते. मराठीत 'अहो दीर' असं कुणी म्हणत नाही, तिथे 'भावोजी' हवं. हेक्टर लढाईतून आलेला, हातात भाला तसाच. ती म्हणते, "भावोजी, आत या, या आसनावर बसा." तो म्हणतो, बसवू नकोस, तिकडे माझी वाट पाहताहेत. मुलांच्या पुस्तकात हे असंच्या असं उतरवा.

तिसऱ्या सर्गात, ट्रॉयच्या तटावर उभी असताना, ती प्रायमला 'प्रिय हेकुरोस' म्हणते. मी तिथे 'मामंजी' लिहीन. मामाच्या सावलीमुळे कुणी नको म्हणेल, पण मूळ ओळीत हेलन म्हणते की तुमच्याबद्दल मला आदर आहे आणि धाकही आहे. माझी आजी 'मामंजी' म्हणताना पदर सावरायची आणि आवाज खाली आणायची. आदर आणि धाक एकत्र असलेला दुसरा शब्द मला माहीत नाही.

त्याच तटावरून प्रायम खालच्या ग्रीक सैन्यातला एक भारदस्त पुरुष दाखवतो, तो कोण म्हणून विचारतो. तो अ‍ॅगमेम्नॉन. कथेप्रमाणे हेलन आणि त्याची बायको क्लायटेम्नेस्ट्रा बहिणी, आणि दोन भावांना दिल्यामुळे सख्ख्या जावा. अ‍ॅगमेम्नॉन आणि हेलनचा पहिला नवरा मेनेलेअस सख्खे भाऊ आणि साडूही. म्हणजे बहिणीचा नवरा या नात्याने हेलनला तो मेहुणा म्हणता आला असता. पण ती म्हणते: तो माझा दीर होता, कधी काळी होता असं म्हणायचं तर. ज्या नवऱ्याला सोडून आली त्याच्या बाजूचं नातं ती निवडते, आणि क्रियापद भूतकाळात ठेवते. इथे 'मेहुणा' लिहिलं तर ती सल पुसली जाते. माझ्या मते अख्ख्या प्रसंगातला हा सगळ्यात महत्त्वाचा शब्द आहे.

मराठीही एके ठिकाणी कमी पडते. बायकोच्या बापाला होमर 'पेन्थेरोस' हा वेगळा शब्द वापरतो, त्याचं मूळ आपल्या 'बंधू'शी जुळतं. आपल्याकडे दोघंही सासरेच.

हेडीजबद्दल थोडक्यात. झ्यूस, डिमीटर आणि हेडीज ही भावंडं, पर्सेफनी झ्यूस आणि डिमीटरची मुलगी. म्हणून हेडीज तिचा काकाही आहे आणि मामाही. पण डिमीटरच्या प्राचीन स्तोत्रात सूर्यदेव हेलिओस आईची समजूत घालताना म्हणतो, जावई काही परका नाही, तुझाच सख्खा भाऊ आहे. तो आईशी बोलतोय, म्हणून तिथे मामा लिहा.

शेवटी चोविसावा सर्ग. हेक्टरच्या शवाजवळ आधी अँड्रोमकी रडते, मग त्याची आई हेक्युबा, शेवटी हेलन. ती म्हणते, मला इथे येऊन हे विसावं वर्ष. दीर, नणंदा, तलम वस्त्रांतल्या जावा, सासूबाई, कुणी मला टाकून बोललं तर तुम्ही त्यांना गोड शब्दांत थांबवायचात; मामंजी मात्र कायम वडिलांसारखे प्रेमळ. सगळी सासरची माणसं दोन-तीन ओळींत येतात, आणि मराठीत प्रत्येकासाठी शब्द तयार आहे. फक्त एक बदल ध्यानात ठेवा. सहाव्या सर्गातल्या त्या भेटीत हेलन हेक्टरला नावाने हाक मारत नाही, दोनदा 'दाएर' म्हणते. इथे पहिलाच शब्द त्याचं नाव आहे. म्हणून इथे 'भावोजी' नको: "हेक्टर, माझ्या सगळ्या दिरांत मला तुम्ही सगळ्यात जवळचे होतात."