तुमचा सवाल : साडीचा काउंटर आणि पगार

प्रश्न : मी दारव्ह्यात एका कापड दुकानात साडीच्या काउंटरवर आहे. माझ्यामागून लागलेल्या पोराला साडेनऊ हजार, मला सात. मालकांना विचारलं तर म्हणाले, "तुले कोठी घर चालवाचं हाय?" दिवसभर बसायचीही मनाई आहे. काय करू?
— एक वाचक, जि. यवतमाळ

उत्तर : ताई, तुमचं घर कोण चालवतं याचा पगाराशी काडीचा संबंध नाही. साड्या घेणाऱ्या बाया, त्यांना रंग-पोत पटवून देणाऱ्या तुम्ही, आणि पगार कमी तुमचाच! एकाच कामाला बाईला कमी पगार देण्यास १९७६ च्या समान वेतन कायद्याने मनाई केली. २०१९ च्या वेतन संहितेतही ती आहे.

बसू न देण्याचं वाचून मात्र फार राग आला. मी वर्ध्याला रेडिमेडच्या दुकानात होते, लग्नसराईत संध्याकाळी पाय कसे भरून येतात ते ठाऊक आहे. कोझिकोडच्या दुकानांतल्या बायका यासाठीच लढल्या. केरळने २०१८ मध्ये आणि तमिळनाडूने २०२१ मध्ये दुकानातल्या कामगारांना बसायची सोय कायद्याने दिली. मालकांना हे सांगा आणि एक स्टूल मागाच.

एकट्या जाऊ नका, सोबतिणींना घ्या. पगाराची तारीख, रक्कम वहीत लिहा. साड्या उलगडणं, घड्या घालणं, बिल करणं, जे जे काम तो पोरगा आणि तुम्ही दोघंही करता तेही लिहा. तरी ऐकलं नाही तर यवतमाळला सरकारी कामगार अधिकाऱ्यांकडे लेखी अर्ज द्या. पोच घेतल्याशिवाय तिथून हलू नका.