शिबिरात पहिल्यांदाच येतोस ना, मग ऐक

मे महिन्यात यवतमाळकडे पारा ४५ ला टेकतो, म्हणून अकरानंतर पोरांना मैदानात काढू नको. मीठ-साखरेचं पाणी हाताशी ठेव. बाकी नियम ताई सांगतीलच.

'तुझे बाबा काय करतात?' हा प्रश्न मात्र गिळून टाक. मी एकदा विचारला होता. त्या पोरानं भाकर ताटात तशीच ठेवली, दोन दिवस बोललं नाही. त्यापेक्षा सोबत भांडी घास. हात राखेत असले की पोरं आपणहून बोलतात. पण 'कोणाला सांगणार नाही' असं वचन देऊ नको. लैंगिक छळाचं कळलं तर पॉक्सो कायद्यानं कळवावंच लागतं. १०९८ हा मुलांच्या हेल्पलाइनचा नंबर पाठ ठेव.

आणि फोटोबिटो नको बापा, देणगीदारानं मागितले तरी.