वाचकांचे प्रश्न : रूमीच्या कविता आणि बर्मिंगहॅमचा जुलूस

प्रश्न : माझी मुलगी अमेरिकेत फिलाडेल्फियाला असते. दर रविवारी ती एका 'सूफी सर्कल'ला जाते. तिथे रूमी या जुन्या फारसी सूफी कवीच्या कविता वाचतात, डोळे मिटून बसतात, मग हात धरून गोल फिरत निरनिराळ्या धर्मांतली देवाची नावं म्हणतात. तिथे मुसलमान किती असतात, असं विचारलं तर म्हणाली, जवळजवळ कुणीच नाही; सूफी व्हायला मुसलमान असावं लागत नाही. आम्ही नाशिककर लहानपणापासून बडी दर्ग्याला जातो. सूफी म्हणजे मुसलमान अवलिया, एवढंच आम्हाला ठाऊक. मग खरं काय? आणि तिकडच्या मुसलमानांत सूफी उरलेत तरी का?
— एक वाचक भगिनी, इंदिरानगर, नाशिक

उत्तर : ताई, तुमचा शेवटचा प्रश्न आधी घेते, कारण तो सहसा कुणी विचारत नाही. उरलेत, आणि भरपूर आहेत. पण ते शोधायचे तर बंदरं आणि गिरण्यांच्या वस्त्यांकडे जावं लागतं.

वेल्समधलं कार्डिफ घ्या. तिथे येमेनी खलाशांची जुनी वस्ती होती. जहाजाच्या पोटात भट्टीला कोळसा घालणं हे त्यांचं काम. 1936 मध्ये शेख अब्दुल्ला अली अल-हकीमी ब्रिटनमध्ये आले, आधी साऊथ शील्ड्सला आणि मग कार्डिफला. अल्जीरियातल्या मोस्तगानेमचे शेख अहमद अल-अलावी हे त्यांचे पीर. हकीमींनी त्या खलाशांना जिक्रला, म्हणजे अल्लाहचं नाव पुन्हा पुन्हा घेण्याला, बसवलं, नमाजाची शिस्त लावली. अनेक खलाशांनी तिथल्याच गोऱ्या मुलींशी लग्नं केली होती. त्या बायकांसाठी आणि मुलांसाठीही त्यांनी दीनी शिक्षणाचे वर्ग चालवले. कार्डिफची पील स्ट्रीटवरची मशीद 1941 च्या बॉम्बहल्ल्यात पडली, ती या लोकांनी पुन्हा उभी केली. रूमीची कॅलेंडरं छापली जाण्याच्या कितीतरी आधीची ही गोष्ट आहे.

मग 1960 चं दशक आलं. पाकिस्तानच्या ताब्यातल्या काश्मीरमध्ये मंगला धरण झालं आणि मीरपूर भागातली लाखभर माणसं उठली. धरणानं उठवलेलं गाव म्हणजे काय, हे नाशिक जिल्ह्याला मी सांगायला नको. त्यातली बरीच माणसं बर्मिंगहॅम आणि ब्रॅडफर्डच्या कारखान्यांत लागली. त्यांच्याबरोबर त्यांचे पीरही आले. ब्रॅडफर्डला पीर मारूफ हुसेन शाह यांनी 1963 मध्ये जमियत तबलीगुल इस्लाम स्थापन केली. बर्मिंगहॅमला सूफी अब्दुल्ला आले. पाकिस्तानातल्या कोहाटजवळच्या घमकोल शरीफच्या जिंदा पीरांचे ते खलिफा, म्हणजे अधिकार मिळालेले शिष्य. स्मॉल हीथ भागात आज त्यांच्या सिलसिल्याची, म्हणजे गुरुपरंपरेची, मोठी मशीद आहे. त्यांचा जुलूस शहरातून निघतो तेव्हा माणसं मोठ्यानं जिक्र करत चालतात. अल्लाहचं नाव घेत ज्या जमिनीवर पाऊल पडलं ती जमीन पाक होते, अशी त्यांची श्रद्धा. परक्या मुलुखात घर करण्याची ही रीत मला फार मोलाची वाटते. कारखान्यात ज्यांना कुणी नावानं हाक मारत नव्हतं, ती माणसं फेटे बांधून त्याच शहराच्या रस्त्यावर अल्लाहचं नाव घेत निघाली.

लेकीकडे बर्मिंगहॅमला गेले होते तेव्हा शेजारच्या पंजाबी बाईंनी गुरुवारच्या खत्मला, म्हणजे एकत्र बसून पढण्याच्या मजलिसला, बोलावलं. चाळीसारखी एकाला एक लागलेली घरं. पुढच्या खोलीतला सोफा भिंतीला सरकवून खाली पांढऱ्या चादरी अंथरल्या होत्या आणि मधोमध खजुराच्या बियांचा ढीग होता. ज्यानं त्यानं मूठभर बिया घ्यायच्या आणि एक दरूद (पैगंबरांसाठीची दुआ) झाला की एक बी बाजूला टाकायची. माझ्या शेजारी बसलेली शाळकरी मुलगी अजून गणवेशातच होती. तिच्या ओठांचा वेग माझ्यापेक्षा जास्त. शेवटी घरच्या आजोबांनी शजरा वाचला, म्हणजे आपल्या पीरापासून मागे मागे जात थेट पैगंबरांपर्यंत पोचणारी नावांची माळ. तसाच छापील शजरा जुन्या नाशकातल्या आमच्या घरी अब्बांनी कुरआनच्या जुजदानात (कापडी वेष्टणात) जपून ठेवला होता. नावं वेगळी, सिलसिला वेगळा, पण वाचण्याचा सूर तोच.

न्यूयॉर्कला हार्लेममध्ये सेनेगलची माणसं आहेत. शेख अहमदू बांबा (1853–1927) यांचे हे मुरीद, म्हणजे शिष्य. फ्रेंचांनी त्यांच्या पीरांना 1895 मध्ये गॅबनच्या जंगलात हद्दपार केलं होतं. फुटपाथवर घड्याळं आणि पिशव्या विकणारी ही माणसं आठवड्याला दाहिराला जमतात. दाहिरा म्हणजे आपल्या भजनी मंडळासारखंच. बांबांच्या कविता एकत्र गायच्या आणि वर्गणी गोळा करायची. परदेशातल्या अशाच वर्गणीतून त्यांच्या तूबा शहरात हॉस्पिटल उभं राहिलं. दर वर्षी 28 जुलैला ते हार्लेममधून मिरवणूक काढतात.

आता तुमच्या मुलीचं सर्कल. त्याची मुळं शोधत गेलात तर ती आपल्या सयाजीरावांच्या बडोद्यात सापडतील. मौलाबक्ष हे बडोद्याच्या दरबारातले थोर गवई. तिथल्या गायनशाळेचा पाया त्यांनीच घातला. त्यांचा नातू इनायत खान, जन्म 1882. वीणा वाजवणारा हा तरुण हैदराबादला चिश्ती, म्हणजे अजमेरच्या ख्वाजांच्या सिलसिल्याचे, पीर सय्यद अबू हाशिम मदनी यांचा मुरीद झाला. 13 सप्टेंबर 1910 ला भाऊ आणि चुलतभावाला घेऊन तो अमेरिकेला जाणाऱ्या प्रवासाला निघाला. तिकडे पोटासाठी नाचाच्या कार्यक्रमांना साथही करावी लागली. समोरचे श्रोते ख्रिस्ती, ज्यू किंवा कसलाच धर्म न मानणारे. इनायत खानांनी त्यांना मुसलमान व्हायला सांगितलं नाही. सगळ्या धर्मांच्या तळाशी एकच सत्य आहे, असं सांगून त्यांनी त्यांना आहे तसंच मुरीद करून घेतलं. 1927 मध्ये दिल्लीत त्यांचं निधन झालं. निजामुद्दीनला त्यांचा दर्गा आहे. बडी दर्ग्याला जाणाऱ्यांनी दिल्लीला गेल्यावर तिथेही जरूर जावं. त्यांची मुलगी नूर हिनं दुसऱ्या महायुद्धात नाझींच्या ताब्यातल्या फ्रान्समधून ब्रिटनला बिनतारी संदेश पाठवले. ती पकडली गेली. 13 सप्टेंबर 1944 ला दाखाऊच्या छळछावणीत तिला गोळी घातली. वडिलांनी घर सोडलं तीच तारीख.

हात धरून फिरण्याचा प्रकार तुम्ही लिहिलात, त्यावरून वाटतं की तो सॅम्युअल लुईस यांनी 1960 च्या दशकाच्या शेवटी सॅन फ्रान्सिस्कोत सुरू केलेल्या नाचांचा असावा. लुईस हे इनायत खानांचे मुरीद. म्हणजे मुलीच्या सर्कललाही बहुधा शजरा आहे आणि तो अजमेरपर्यंत जातो. तेव्हा ते खोटं, असं मी म्हणणार नाही.

मला खटकतं ते वेगळंच. मौलाना रूमी तुर्कस्तानातल्या कोन्याच्या मदरशात शरियत शिकवणारे आलिम होते. त्यांच्या मसनवी या दीर्घकाव्यात कुरआनच्या आयती पानोपानी आहेत. अमेरिकेत लाखांनी खपलेली त्यांची लोकप्रिय इंग्रजी रूपं ज्या कवीनं केली त्यांना फारसी येत नव्हती. जुन्या भाषांतरांवरून ती बेतली आणि त्यात पैगंबर आणि कुरआन पातळ होत गेले. ज्या माणसानं आयुष्यभर पाच वेळा सजदा केला त्याच्या कवितेतून सजदाच काढून टाकायचा, हा अन्याय आहे. सूफींचा रस्ता सगळ्यांना खुला आहे, हे मी मनापासून मानते. पण तो रस्ता कुणी घडवला हे पुसून टाकू नये.

मुलीला एक काम सांगा. फिलाडेल्फियाच्या पश्चिमेला कोट्सव्हिल गाव आहे. तिथे बावा मुहैयद्दीन यांची मजार आहे. हे श्रीलंकेचे तमिळ बोलणारे फकीर 1971 मध्ये फिलाडेल्फियाला आले. सुरुवातीला त्यांच्याभोवती बहुतेक गोरी आणि काळी अमेरिकन तरुण मुलंच होती. बावा स्वतः रांधून त्यांना शाकाहारी जेवण वाढत, गोष्टी सांगत. मग हळूहळू जिक्र आलं, मग नमाज, आणि 1984 मध्ये मशीद. 1986 मध्ये ते गेले. आज त्या मजारीवर दक्षिण आशियाई मुसलमान कुटुंबं मुलाबाळांसकट फातिहा पढायला येतात आणि ते जुने अमेरिकन मुरीदही येतात. मुलीनं एकदा तिथे जाऊन बसावं.

प्रश्न : आपा, माझा चुलतभाऊ इंग्लंडहून आला आणि उरुसाला आला नाही. संदल, चादर हे सगळं बिदअत, म्हणजे धर्मात मागाहून घुसवलेली गोष्ट, आहे, तिकडे असलं आता कुणी मानत नाही, म्हणाला. घरात भांडण झालं. तिकडे खरंच तसं आहे का?
— एक तरुण वाचक, जुनं नाशिक

उत्तर : बेटा, हा वाद इंग्लंडनं आपल्याकडे पाठवलेला नाही, आपल्याच मुलुखातून तिकडे गेलेला आहे. उरूस-संदल मानणारे बरेलवी आणि ते न मानणारे देवबंदी, दोघंही इथलेच. आणि देवबंदी म्हणजे तसव्वुफचे, म्हणजे सूफी मार्गाचे, दुश्मन, ही समजूत तर साफ चुकीची. देवबंदच्या पहिल्या पिढीतल्या बड्या आलिमांचे पीर हाजी इमदादुल्लाह मुहाजिर मक्की हे चिश्ती होते. इंग्लंडमधल्या बरी गावात 1970 च्या दशकात दारुल उलूम काढणारे मौलाना यूसुफ मोताला हेही शेखुल हदीस मौलाना जकरियांचे मुरीद. तिथे उरूस नसतो, पण जिक्र असतं, बैअत, म्हणजे पीराच्या हातावर शपथ घेणं, असते. फक्त पहिल्या पिढ्यांचा इस्लाम मानणारी सलफी मंडळी मात्र दोन्हींवर आक्षेप घेतात. त्यांचा जोर तिकडे 1980 नंतर वाढला. भाऊ यांपैकी कुणाचं बोलणं घेऊन आलाय, हे आधी शांतपणे विचारून घे.

आणखी एक गोष्ट तिकडच्या पोरांना डाचते, ती तुला कळायला हवी. अतिरेकी हल्ले झाल्यावर सरकारांना एकदम सूफींचं प्रेम आलं. 2006 मध्ये ब्रिटनमध्ये सूफी मुस्लिम कौन्सिल निघाली, तिला सरकारचा पाठिंबा होता. सूफी म्हणजे गप्प बसणारा, चांगला मुसलमान, असं चित्र झालं. मग स्वाभिमानी तरुणाला दर्गा म्हणजे सरकारी माल वाटू लागला तर त्याला एकट्याला दोष देता येत नाही. त्याला अमीर अब्दुल कादिर यांचं नाव सांग. हे कादरी सिलसिल्याचे सूफी अल्जीरियात 1832 ते 1847 अशी पंधरा वर्षं फ्रेंचांशी लढले. 1860 मध्ये दमास्कसला दंगल झाली तेव्हा याच माणसानं हजारो ख्रिश्चनांना आसरा देऊन वाचवलं. अमेरिकेतल्या आयोवा राज्यात एल्केडर नावाचं गाव आहे, ते त्यांच्याच नावावरून. तलवार आणि आसरा, दोन्ही त्याच तसव्वुफमधून आलं.

भाऊ उरुसाला आला नाही तर नाही आला. नियाजचं जेवण त्याच्या घरी पाठवा. त्यावरून नातं तोडणं कुठल्याच पीरानं शिकवलेलं नाही.

प्रश्न : तिकडे बायकांना जिक्रच्या मजलिसमध्ये बसता येतं का? बाई पीर होऊ शकते का?
— एक वाचक भगिनी, मालेगाव

उत्तर : बसता येतं, बहुतेक ठिकाणी पडद्यापलीकडे किंवा मागच्या बाजूला, घरच्या खत्ममध्ये तर बायकाच पुढे असतात. पीर होण्याचं म्हणाल, तर इनायत खानांच्या पहिल्या अमेरिकन मुरीद राबिया मार्टिन या सॅन फ्रान्सिस्कोच्या बाई होत्या. खानसाहेब गेल्यावर गादीवर हक्क आपला, असं त्यांचं म्हणणं होतं. युरोपातल्या मंडळींनी ते मानलं नाही. बाई असणं आड आलं, असं मला वाटतं. पण आज न्यूयॉर्कच्या ट्रायबेका भागात जेर्राही सिलसिल्याची एक दरगाह आहे, आणि तिथल्या शेखा फरीहा या बाईच आहेत. इस्तंबूलच्या शेख मुजफ्फर ओजाक यांच्या त्या मुरीद. गुरुवारी रात्री तिथे जिक्र होतं आणि ते त्याच चालवतात.