छावणीत जन्मलेल्याने नागरिकत्वाचा अर्ज करावा का?

मुलुंडच्या एका भगिनींनी लिहिले आहे की, त्यांच्या सासरची मंडळी १९७१च्या युद्धात पाकिस्तानच्या थरपारकरमधील छाछरो सोडून राजस्थानातील बाडमेरच्या वाळवंटातील निर्वासित छावणीत आली. नणंद तेव्हा पाच वर्षांची होती, तर यजमान १९७४ साली छावणीच्या तंबूतच जन्मले. शाळेत मास्तरांनी मोठ्या बहिणीच्या नोंदीवरून त्यांचेही जन्मस्थान ‘छाछरो, पाकिस्तान’ लिहिले, आणि आता पासपोर्टच्या वेळी तोच दाखला आडवा आला आहे. दोघांनीही सुधारित नागरिकत्व कायद्याखाली अर्ज करावा, असे एजंट म्हणतो.

ताई, यजमानांचा तो अर्ज कृपया भरू नका. नागरिकत्व कायदा, १९५५च्या कलम ३ नुसार २६ जानेवारी १९५० ते ३० जून १९८७ या काळात भारतात जन्मलेली व्यक्ती, परदेशी राजदूताचे अपत्य असे मोजके अपवाद सोडल्यास, आईवडील कोणत्याही देशाचे असले तरी जन्मानेच भारतीय ठरते. पिता शत्रुराष्ट्राचा असल्याचा अपवाद कोणी पुढे केला, तर तो शत्रूच्या ताब्यातील प्रदेशात झालेल्या जन्मापुरताच आहे आणि बाडमेर तसा प्रदेश नव्हता, हे सांगावे. एजंट सुचवतो तो अर्ज, म्हणजे सुधारित कायद्यातील कलम ६ब खाली अर्ज करणे म्हणजे आपण परकीय असल्याचे स्वतःच्या सहीने लिहून देणे होय.

खरी अडचण पुराव्याची आहे. आपण पाठवलेल्या छावणीच्या शिधापत्रिकेत कुटुंबाच्या नावांखाली वेगळ्या शाईने एका मुलाची भर घातलेली असून शेजारी १९७४मधील तारीख आहे. हा कागद मला फार मोलाचा वाटतो. त्याला लॅमिनेशन करू नका. बाडमेरच्या जिल्हाधिकारी कार्यालयाकडे माहिती अधिकारात छावणीच्या नोंदींची प्रमाणित प्रत मागा. जन्मनोंदणी बाडमेरलाच होईल, मुंबई महापालिकेत नाही, आणि इतक्या उशिराच्या नोंदीला जिल्हा दंडाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या दंडाधिकाऱ्यांचा आदेश लागेल. त्यानंतर शाळेची नोंद दुरुस्त करून मगच पासपोर्टकडे वळावे. आधार किंवा पॅन हा नागरिकत्वाचा पुरावा नव्हे.

नणंदबाईंचा जन्म सीमेपलीकडचा असल्याने त्यांचा प्रश्न वेगळा आहे. सासऱ्यांना नागरिकत्वाचे प्रमाणपत्र मिळाले असल्यास त्यावर अज्ञान (अल्पवयीन) मुलांची नावे आहेत का, ते आधी पाहा. ते नसेल तरच कलम ६ब. ३१ डिसेंबर २०१४ पर्यंत पाकिस्तानातून आलेल्या हिंदूंना ते लागू आहे.

मात्र भावाच्या जन्माच्या त्याच साक्षीदार आहेत. पाण्याच्या टँकरपुढे रांगेत उभ्या असताना भाऊ झाल्याचे त्यांना कळले, असे आपण लिहिले आहे. छावणीचे नाव, महिना आणि दाईचे नाव यांसह ती हकीकत त्यांच्याच शब्दांत प्रतिज्ञापत्रावर लगेच घ्या.