प्रोबेशन उशिरा संपलं, म्हणून ज्येष्ठता घसरते का?

प्रश्न : एमपीएससीच्या गट-ब (अराजपत्रित) परीक्षेतून माझी निवड झाली. गुणवत्ता यादीत मी चौदावी, माझी सहकारी एकोणिसावी. दोघीही मुदतीत रुजू झालो. दोन वर्षांचं प्रोबेशन संपताना आमचे साहेब बदलून गेले, माझा गोपनीय अहवाल लिहायचा राहिला आणि कन्फर्मेशनचा आदेश आठ महिने उशिरा निघाला. तिचा वेळेत निघाला. आता 1 जानेवारीच्या तात्पुरत्या ज्येष्ठता यादीत ती माझ्या वर आहे. आस्थापनेतले म्हणतात, "तुम्ही उशिरा कन्फर्म झालात ना!" हे बरोबर आहे का? – एक वाचक

उत्तर : ताई, तुम्ही सांगता तसंच असेल तर बरोबर नाही. एकाच तुकडीतल्या सरळसेवेच्या (म्हणजे बढतीने नव्हे, थेट भरतीने आलेल्या) उमेदवारांची आपसातली ज्येष्ठता आयोगाच्या गुणवत्ताक्रमावर ठरते, रुजू व्हायची मुदत पाळलेली असली म्हणजे झालं. त्यामुळे चौदावी वर, एकोणिसावी खाली.

मी आयुष्यभर आस्थापना शाखेत काढलं, म्हणून ही चूक कशी होते तेही सांगतो. ज्येष्ठता यादीच्या तक्त्यात नियुक्तीचा दिनांक आणि स्थायी (म्हणजे कन्फर्म) झाल्याचा दिनांक असे दोन रकाने शेजारी शेजारी असतात. नवा लिपिक एक्सेलमध्ये दुसऱ्या रकान्यावर सॉर्ट मारतो आणि चौदावी बाई एका क्षणात विसावी होते. हाताने रजिस्टर लिहायचो तेव्हा मीही एकदा हेच केलं होतं. साहेबांनी लाल पेन्सिलीने अख्खं पान काटलं, ते बरंच झालं.

तुमच्या आस्थापनेला हा वाद नवा वाटत असेल, पण तो फार जुना आहे, आणि महाराष्ट्रातल्याच अभियंत्यांनी तो सर्वोच्च न्यायालयात नेला. 1977 च्या पटवर्धन प्रकरणात न्या. चंद्रचूड यांनी लिहिलं की कन्फर्मेशन ही सरकारी नोकरीतली बेभरवशाची गोष्ट आहे. ना ती कार्यक्षमतेवर अवलंबून, ना जागा रिकामी असण्यावर. तुमच्या आठ महिन्यांचं याहून नेमकं वर्णन मला जमणार नाही. पुढे 1990 मध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने शिक्कामोर्तब केलं : नियमानुसार नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिनांकापासून, कन्फर्मेशनच्या नव्हे. तात्पुरती, नियमाबाहेरची नेमणूक मात्र त्यात धरली जात नाही. केंद्रानेही 1992 च्या कार्यालयीन ज्ञापनाने ज्येष्ठता कन्फर्मेशनपासून वेगळी केली.

आता एक गोष्ट तुमच्याकडूनच तपासून हवी. प्रोबेशन नुसतं कागदावर लांबलं की काम असमाधानकारक म्हणून वाढवलं? आणि सेवाप्रवेशोत्तर परीक्षा, म्हणजे नोकरीत आल्यावर द्यायची परीक्षा, विहित मुदतीत, विहित संधींत पास झालात ना? काही संवर्गांच्या परीक्षा नियमांत, परीक्षा वेळेत न सुटल्यास ज्येष्ठता गमवावी लागते, असं स्पष्ट लिहिलेलं असतं. तसं असेल तर वरचं सगळं बाजूला ठेवा, मामला वेगळा होतो. म्हणून आदेशाची प्रत काढा आणि त्यातलं कारण शब्दशः वाचा. "अहवाल अप्राप्त" आणि "कामगिरी असमाधानकारक" यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे.

तात्पुरत्या यादीवर हरकतीची मुदत दिलेली असते. तिच्या आत लेखी हरकत द्या. गुणवत्ता यादी, नेमणुकीचा आदेश आणि रुजू अहवाल जोडा. तोंडी "बघतो" वर थांबू नका, आवक क्रमांकाची पोच घ्याच. हरकत फेटाळून यादी अंतिम झाली तर मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जायला एक वर्ष मिळतं. अभ्यावेदनाला, म्हणजे तुमच्या लेखी तक्रार-अर्जाला, सहा महिने उत्तरच आलं नाही, तर ते सहा महिने संपल्यावर पुढचं वर्ष मोजायचं. मॅटमध्ये गेलात तर त्या सहकारी बाईंनाही प्रतिवादी करावं लागेल. तिचा क्रम बदलणार ना. म्हणून आधी तिला चहाला नेऊन सांगून टाका. चूक रकान्याची आहे, तिची नाही.