केकू गांधींचा तर फ्रेमचा धंदा होता, मग ते एवढे मोठे आर्ट डीलर कसे झाले? साताऱ्यात राहून असं काही जमेल का?

फ्रेमचा धंदा होता म्हणूनच झाले. मी साताऱ्यात फ्रेमिंगच करतो, आणि 'फ्रेमवाल्याला चित्रातलं काय कळतं' हे आमच्या थोरल्या बंधूंचं पालुपद मला पाठ आहे. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

गांधी 1920 सालचे, मुंबईचे पारशी. केंब्रिजला शिकत होते, पण दुसऱ्या महायुद्धामुळे परत जाता आलं नाही. व्हान डाम नावाच्या एका बेल्जियन गृहस्थाच्या ओळखीतून 1941 मध्ये फ्रेमच्या पट्ट्यांचा धंदा सुरू झाला. केमिकल मोल्डिंग, त्याचंच केमोल्ड. दुकान प्रिन्सेस स्ट्रीटला. तिथे फ्रेममध्ये आरा, हेब्बर, हुसेन या चित्रकारांची चित्रं लागायला लागली. जहांगीर आर्ट गॅलरी उघडली 1952 मध्ये, म्हणजे त्याआधी नव्या चित्रकाराला भिंत मिळणं किती अवघड होतं बघा. 1963 मध्ये जहांगीरच्याच पहिल्या मजल्यावर त्यांनी पत्नी खोर्शेद यांच्यासोबत गॅलरी केमोल्ड काढली. चित्रकार भूपेन खख्खर यांचं पहिलं एकल प्रदर्शन 1965 मध्ये जहांगीरमध्येच झालं. गांधी 2012 मध्ये गेले. गॅलरी आज मुलगी शिरीन चालवते.

आता मुद्दा. चित्राची पाठ फ्रेमवाल्याइतकी कुणी बघत नाही. कॅनव्हास कुठल्या खिळ्यांनी ठोकलाय, जुन्या प्रदर्शनाची चिठ्ठी आहे का, मागून ठिगळ लावलंय का, हे सगळं पाठीवर असतं. देवघरातली जुनी रविवर्मा तसबीर लोक 'ओरिजिनल' म्हणून आणतात. दहापट भिंगाखाली धरा. एकसारख्या ओळीत ठिपके दिसले तर अलीकडची ऑफसेट छपाई. ठिपके वेडेवाकडे, हाताने दिल्यासारखे असले तर जुना शिळाछाप असू शकतो. आणि शिळाछाप म्हणजे छापच, तैलचित्र नव्हे.

कागदावरचं चित्र आमच्याकडे कशाने मरतं? हार्डबोर्ड आणि सेलोटेपने. मागचा हार्डबोर्ड आम्ल सोडतो, कागद तपकिरी होतो. सेलोटेपचा डिंक आत मुरतो, तो डाग सहसा निघत नाही. काच थेट चित्रावर टेकली की पावसाळ्यात ओल धरते, रंग काचेला चिकटतो, आणि काच काढायला गेलं की रंग सोबत येतो. म्हणून आम्लमुक्त माउंट, म्हणजे चित्राभोवतीची जाड कागदाची चौकट, तिन्ही बाजूंना अडीच इंच, खाली तीन. चित्र फक्त वरच्या दोन ठिकाणी जपानी कागदाच्या पट्टीने आणि गव्हाच्या सत्त्वाच्या खळीने टांगायचं. चारी बाजू चिकटवल्या तर कागदाला फुगायला जागा राहत नाही आणि लाटा येतात. फ्रेमच्या खालच्या कोपऱ्यांना मागून बुचाचे तुकडे लावा, म्हणजे भिंतीची ओल फ्रेमला लागत नाही. ज्याला हे येतं त्याच्याकडे चित्रकारही येतो आणि घेणाराही. कुठल्या घरात कुठली भिंत रिकामी आहे, हे त्याला आधी कळतं. गांधींची सुरुवात याच जागेवरून झाली, आणि दादांना मी हेच सांगत आलोय.

साताऱ्याचं म्हणाल तर डोळा तयार करायला औंध आहे. तिथले संस्थानिक बाळासाहेब पंतप्रतिनिधींनी 1938 मध्ये उभारलेल्या भवानी संग्रहालयात रविवर्मांची अस्सल तैलचित्रं आहेत, इंग्रज शिल्पकार हेन्री मूरचं शिल्पही आहे. तिथे जाऊन रंगाचा थर तिरक्या उजेडात बघा, मगच किमतीच्या गप्पा मारा.

नुसत्या विक्रीवर इथे घर चालणार नाही, हेही ऐकून ठेवा. गॅलरीचा वाटा साधारण किमतीच्या तिसऱ्या हिश्शापासून निम्म्यापर्यंत असतो, पण चित्र वर्षभर पडून राहू शकतं. तोवर भाडं तसबिरींच्या आणि लग्नाच्या फोटोंच्या फ्रेमांतूनच निघतं. चित्रकाराचं चित्र ठेवून घेतलं तर माप, माध्यम, ठरलेली किंमत आणि तुमचा वाटा कागदावर लिहून दोघांच्या सह्या घ्या. आणि रविवर्मांचं खरं चित्र हाती आलंच, तर जुन्या वस्तू आणि कलाकृतींबद्दलच्या 1972 च्या कायद्यामुळे ते देशाबाहेर विकता येत नाही.