आबांचा नियम की सरांची उदाहरणं?

बारावीची परीक्षा जवळ आली की कोल्हापूरच्या राजारामपुरीतल्या माझ्या खोलीवर हा प्रश्न घेऊन कुणीतरी येतंच: व्याकरण पाठ करून घ्यायचं, की उदाहरणांतून उमजू द्यायचं? यंदा तिघं एकदमच आली. आई, मुलगी आणि मुलीचे आजोबा. (तपशील थोडे बदललेत.)

"मॅडम, कॉलेजात सर फळ्यावर नुसती वाक्यं लिहित्यात आणि काय दिसतंय विचारत्यात. घरी आबा नियम घोकून घेत्यात. पोरगीनं ऐकायचं कुणाचं?"

आबा निवृत्त मास्तर. मुलगी 'प्रयोग ओळखा', म्हणजे वाक्यातलं क्रियापद कर्त्याप्रमाणे बदलतं (कर्तरी), कर्माप्रमाणे (कर्मणी) की कुणाप्रमाणेच नाही (भावे) ते सांगा, म्हटलं की रडवेली. सरांची ती उद्गामी पद्धत, उदाहरणांकडून नियमाकडं; आबांची अवगामी, नियमाकडून उदाहरणांकडं. पण नावं सांगून घरातलं भांडण मिटत नाही. मी तिची वही मागितली.

'मी भाकरी खाल्ली.' तिनं लिहिलं होतं, कर्तरी. का? तर आबांचा नियम: कर्त्याला 'ने' लागला की कर्मणी. इथं 'ने' कुठं दिसतोय?

"भाकरीच्या जागी लाडू घाल बघू," मी म्हटलं. "मग पोहे."

"लाडू खाल्ला. पोहे खाल्ले." ती थबकली. "अय्या, क्रियापद खाण्याच्या मागं पळतंय की!"

म्हणजे कर्मणी. आबा गप्प. आईला वाटलं, सर जिंकले.

पुढचं वाक्य होतं, 'मी घरी आलो.' उत्तर: भावे! सरांनी शिकवल्यासारखा तिनं कर्ता बदलून पाहिला होता. मुलगा बोलतोय असं धरलं, मुलगी बोलतेय असं धरलं. तिच्या कानाला दोन्हीकडं 'आलो'च. क्रियापद हललं नाही, म्हणून भावे. तिचा तर्क बरोबरच होता. आपल्याकडं पोरी 'मी आलो, मी जेवलो'च म्हणतात, घरी मीसुद्धा. बोलीत यात चूक काहीच नाही, पण पेपर प्रमाण मराठीचा, तिथं मुलगी 'आले' असते.

आबांनी टेबलावर बोट आपटलं. "'मी' काढ. 'तो' घाल, 'ती' घाल."

"तो आला, ती आली... कर्तरी!"

माझा कल सरांकडं आहे, लपवत नाही. मूल स्वतः वाक्य हलवून बघतं तेव्हा नियम त्याचा होतो. पण ही पद्धत मुलाच्या कानावर उभी असते, आणि कान कोल्हापूरचा असला तर काही ठिकाणी ती फसते. म्हणून सांगितलं, आधी वाक्यं, मग तिनं तिच्या शब्दांत नियम लिहायचा, आणि बोली व पुस्तक जिथं वेगळी वाट धरतात तेवढ्या जागा आबांनी दाखवायच्या. वृत्तांचे गण मात्र खुशाल पाठ करून घ्या.

पंधरा दिवसांनी आईचा फोन आला. आता जेवताना वाक्यं पडतात म्हणे. आदल्या रात्री पोरगी हात धुऊन आली आणि म्हणाली, "आबा, मी जेवलो. प्रयोग?"

"कर्तरी. आणि पेपरात 'जेवले' लिही."